आजीचा डावा हात

ओळख झाली की ती आधी तुमचा हात मागायची. आपल्या तळहातावर ठेवून उलटासुलटा करायची आणि म्हणायची, "यल्ला, छान आहे. उद्या दुपारी बसायला ये."

सौदीत, अल-खोबरला ती आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहायची. नवरा बांधकाम कंपनीत, ही चित्रकार. दोघंही बैरूतची. पण कुणी लेबनीज म्हटलं की लगेच बोट वर करायची. "आर्मेनियन! बैरूतला जन्मलेली." इकाम्यावर, म्हणजे तिथल्या ओळखपत्रावर, एवढं मावत नाही, ही तिची कायमची तक्रार.

आमच्या मराठी बायकांनी तिची ही हात बघायची सवय पाहिली आणि व्हायचं तेच झालं. बाई हस्तरेषा सांगते, अशी बातमी दोन दिवसांत सगळीकडे पसरली. एका शुक्रवारी पाचजणी माझ्याकडे येऊन बसल्या. एकीला नवऱ्याचं प्रमोशन विचारायचं होतं, दुसरीला मुलाचं मेडिकल. तिनं पाचहीजणींचे हात मन लावून पाहिले आणि म्हणाली, "भविष्य? ते मला नाही येत. मी अजून मागचंच बघतेय." बायका नाराज झाल्या, तरी चिवडा संपवूनच गेल्या.

गंमत म्हणजे, एवढे हात बघायची, पण चित्रं काढायची हातमोज्यांची. माझी मुलगी तिच्याकडे चित्रकला शिकायला गेली ती पहिल्याच दिवशी ओरडत आली, "ममा, शी ओन्ली ड्रॉज ग्लव्ज!" खरंच, भिंतभर हातमोजे. लोकरीचे, लेसचे, एक तर पिठानं माखलेला. "दुकान टाक आता," मी चिडवायची. "कोण घेईल? बाहेर पंचेचाळीस डिग्री आहे," ती गंभीरपणे म्हणायची. तिची चित्रं परदेशांतल्या प्रदर्शनांत लागायची, हे तिच्या नवऱ्याकडून कळायचं. ती स्वतः आमच्याकडे येऊन मुगाची खिचडी दोनदा मागून घ्यायची. मला ती फार आवडायची, आणि हे तिला कधी सांगितलं नाही.

मग माझी आई व्हिजिट व्हिसावर आली. सवयीप्रमाणे शेजारणीनं आईचाही हात घेतला. आईच्या मनगटावर गोंदलेली तुळस आणि अंगठ्याच्या मुळाशी तीन हिरवट निळे ठिपके. तुमच्याही घरातल्या जुन्या बायकांच्या हातांवर तुम्ही ते पाहिले असतील. तिनं मात्र चटका बसल्यासारखा हात सोडला आणि उठून निघून गेली. चार दिवस दार उघडलं नाही.

"माझ्या हाताला काय लागलं होतं गं?" आई सारखी विचारत राहिली. मी चिडलेच. म्हटलं, कलाकार असेल आपल्या घरी.

पाचव्या दिवशी ती आली आणि आईच्या पायाशी बसली. तिच्या आजीची गोष्ट तिनं पहिल्यांदा तेव्हा सांगितली. पहिल्या महायुद्धात तुर्कस्तानातून आर्मेनियन लोकांना हाकलून वाळवंटात चालवत नेलं, लाखो माणसं मेली. आजी तेव्हा आठ वर्षांची. तिथल्या एका अरब टोळीनं तिला तंबूत ठेवून घेतलं आणि आपल्या रीतीप्रमाणे तिचे हात गोंदले, एवढंच हिच्या कानावर आलेलं. त्यांनी वाचवलं की पळवलं, घरात कुणी बोललंच नाही. पुढे बैरूतला आजी जन्मभर हातमोजे घालून राहिली. कणीकही हातमोजे घालून मळायची. ती गेल्यावर तिला अंघोळ घालताना हिच्या आईनं सगळ्यांना बाहेर काढून दार लावलं. आईला काही विचारलं की तिचं एकच उत्तर: खलास.

"विचार ना," ती मला म्हणाली, "त्यांनाही धरून ठेवलं होतं का? दुखलं का?"

"दुखलं तर!" आई म्हणाली. "चौघींनी धरलं होतं, मी लाथा झाडत होते. पण आईच्याच मांडीवर होते ना मी."

मी भाषांतर केलं. ती आईच्या गुडघ्यावर डोकं टेकवून रडली. आई तिला थोपटत मला म्हणाली, "माझा हात बघून काढ म्हणावं आजीचा."

मग रोज दुपारी आई उशीवर डावा हात ठेवून बसायची. तिकडे तिच्या नवऱ्याची नोकरी संपली होती, फायनल एक्झिटचा, म्हणजे देश कायमचा सोडायचा, शिक्का बसला होता. सामान बांधता बांधता चित्र पुरं झालं. कणकेवर टेकलेला म्हातारा हात, हातमोजा नाही. पण कातडी कोरी. "आजीला काय गोंदलं होतं, मला माहीतच नाही," ती म्हणाली. "आणि मी स्वतः ते करणार नाही."

आई उठली, स्वयंपाकघरातून गुळाचा खडा आणून तिच्या तोंडात घातला. "गोंदताना पोरीला गूळ देतात," मला म्हणाली, "सांग तिला." जन्मात ब्रश न धरलेल्या आईनं तो निळ्या रंगात बुडवला आणि अंगठ्याच्या मुळाशी तीन ठिपके दिले. "झालं हं, झालं," ती चित्रातल्या हाताला म्हणाली.

दोन दिवसांनी ती गेली. समोर कुणी केरळचं कुटुंब आलं. महिन्याभरानं बैरूतहून तिचा फोन आला, हसत होती की रडत, कळेना. तिनं चित्र आपल्या आईच्या घरी भिंतीला टेकवून ठेवलं होतं. तिची आई तीन दिवस त्याच्याकडे पाठ करून वावरली. चौथ्या दिवशी समोर उभी राहिली आणि म्हणाली, "तीन नव्हते. पाच होते." मग खुर्ची ओढून बसली आणि संध्याकाळपर्यंत बोलत राहिली.

माझी आई तोवर गावी परतली होती. मी फोन करून तिला हे सगळं सांगितलं.

"मग दोन राहिलेत की," ती म्हणाली. "ते तिच्या आईला लावू दे म्हणावं."