नांगर न लागलेला केक

माझी सून छत्तीसगढी, माझ्या एकुलत्या मुलानं स्वतः पसंत केलेली. आल्या आल्या तिनं मला कमरछठ धरायला लावली. लेकराच्या आयुष्यासाठी आईनं करायचा हा इथला उपास. नांगरलेल्या जमिनीतलं काही खायचं नाही, आणि दूध-दही फक्त म्हशीचं.

रायपूर नुकतंच राजधानी झालेलं. आमच्या तात्यापाऱ्याच्या मराठी वस्तीतसुद्धा केकची दुकानं निघाली होती. मुलगा शहराबाहेर उरल्याच्या कारखान्यात होता. एकदा त्यानं गोल ओव्हन घरी आणला आणि फर्मान सोडलं, आईच्या उपासाला चालेल असा केक झाला पाहिजे. मी उत्साहानं राजगिऱ्याचं पीठ आणि दाण्याचा कूट काढला, तर सुनेनं माझा हातच धरला. राजगिरा पेरतात, शेंगदाणाही पेरतात, दोन्ही चालणार नाहीत म्हणाली. अगं बाई, आमची अख्खी एकादशी याच्यावरच निघते! ती हसली, पण डबे परत फळीवर ठेवूनच.

मग माझ्या शिंगाड्याच्या वडीचं आणि तिच्या मोहफुलांचं आम्ही लग्न लावलं. शिंगाडा तळ्यातला, मोह जंगलातला, दोघांचाही नांगराशी संबंध नाही. साखर उसाची, म्हणून तीही बाद. भिजवलेली मोहफुलं वाटून त्यांचीच गोडी, म्हशीचा खवा, दही, वरून माझं जायफळ आणि तिची चारोळी. पहिला केक विटेसारखा झाला. मुलगा म्हणे, माझ्या आईला मोहाची सवय लावून राहिली का तू? आणि दोन तुकडे खाल्ले मेल्यानं. मेल्यानं म्हणायची जुनी सवय माझी. आता जीभ चावते.

पुढच्या उन्हाळ्यात उरल्याच्या रस्त्यावर ट्रकनं त्याला उडवलं. त्यांना मूलबाळ नव्हतं. दोन महिन्यांत सुनेचा भाऊ येऊन बसला. बहीण तरुण आहे, तिला घेऊन जातो, पुढे कोणी चांगला मिळाला तर बघू, असं हळू आवाजात म्हणाला. त्याचं सगळं खरं होतं, म्हणूनच मला त्याचा राग आला. माझे यजमान आधीच गेलेले. ही गेली की घरात मी एकटी. सुनेनं भावाला सांगितलं, आईंना सोडून येणार नाही. मला तेच हवं होतं.

कमरछठ आली. सकाळी मी सरळ साखर घालून चहा टाकला. लेकरूच नाही तर उपाशी कोणासाठी राहू? सुनेनं कप काढून घेतला आणि शिंगाड्याचं पीठ पुढ्यात ठेवलं. मी तिच्यावर ओरडले, काहून छळून राहिली मले? ती मोहफुलं निवडत बसली. शेवटी चिडून मीच पीठ कालवलं. केक फुगायला लागला, घरभर तो वास सुटला, आणि मी ओव्हनपाशी बसून मोठ्यानं रडले.

पूजा झाल्यावर ती हळदीच्या पाण्यात भिजवलेलं फडकं घेऊन आली. या दिवशी आई त्या फडक्यानं लेकराच्या पाठीवर हलक्या थापट्या मारते आणि त्याच्यासाठी आयुष्य मागते. ती माझ्याकडे पाठ करून बसली आणि पदर बाजूला घेतला.

"मारो न आई. मैं तो हूँ."

मी थापट्या मारल्या. पाठीची हाडं हाताला लागत होती. केवढी वाळली होती पोट्टी! माझं दुःख सांभाळता सांभाळता स्वतःचं जेवण विसरली होती, आणि मी रोज समोर बसून ते पाहिलंच नव्हतं. तिच्यासाठी आयुष्य मागत होते, आणि तिला तर मीच धरून ठेवली होती.

"भावाले फोन कर," मी म्हणाले. "येऊन घेऊन जा म्हनाव."

ती नाही नाही म्हणत राहिली. मी म्हटलं, "आता माझी लेक झालीस न? मग आईचं ऐक."

आम्ही दोघींनी एकाच ताटलीत केक खाल्ला. आठवड्याभरात ती गेली. मी अजून कमरछठ धरते. माझं लेकरू दुसऱ्या गावी आहे.