मास्तर आणि पहिली रांग

माणसं हसतात कशी, एवढं सोडून या जगात बघण्यासारखं दुसरं काही नाही, असं ठामपणे मानणारा एकच माणूस मला आयुष्यात भेटला, आणि तो नेमका आमच्या भिंतीला भिंत लावून राहतो. आमच्या ट्रलीला, आयर्लंडच्या या ओल्या कोपऱ्यात, लोक समुद्र बघायला येतात, डोंगर बघायला येतात. हा ऑस्ट्रेलियाहून आला तो इथली माणसं अंत्यविधीनंतर सँडविच खाताना इतकी खदखदून का हसतात ते बघायला. आठवड्यासाठी आला आणि राहिलाच. पणजी इथलीच होती असं सांगतो, पण पणजी प्रत्येकच ऑस्ट्रेलियनाची इथली असते, त्यामुळे ते मी फारसं मनावर घेत नाही.

त्याची कारकीर्द एका दमात सांगायची तर धाप लागेल. आधी तिकडच्या कुठल्याशा धुळीने भरलेल्या गावात गणिताचा मास्तर. दुपारच्या तासाला पोरं पेंगतात म्हणून विनोद सांगायला लागला. पोरं जागी राहिली, गणित झोपलं. मग कुणीतरी कानात फुंकलं की हेच पबमध्ये सांगितलंस तर बिअर फुकट मिळेल. झालं! नोकरी सोडली आणि स्टँड-अप कॉमेडियन म्हणून देशोदेशी हिंडला. मध्येच पुस्तकं लिहिली. त्यातलं एक शिक्षकांसाठी आहे, वर्गात हसवावं कसं यावर. ते त्याने मला भेट दिलं. मी इमानदारीत वाचलं आणि एकदाही हसू आलं नाही असं तोंडावर सांगितलं, तर पठ्ठ्या खूश! मी डॉक्टर, म्हणून त्याच्या तोंडी 'डॉक'. खुर्ची पुढे ओढून म्हणाला, "वा, डॉक! सगळ्यात जास्त कुठल्या पानावर आलं नाही?"

हा असा. त्याला उत्तर नको असतं, उत्तराच्या मागचं उत्तर हवं असतं. एकदा आमचा बॉयलर बंद पडला. दुरुस्तीला आलेला माणूस फोनवर बायकोशी बोलताना फिस्सकन हसला, आणि दुर्दैवाने हा तेव्हा आमच्याकडेच बसलेला. त्याने त्या बिचाऱ्याला खुर्चीत बसवलं, चहा दिला आणि नेमकं कुठल्या शब्दाला हसलास, तो शब्द बायकोने आधी म्हटला असता तर हसला असतास का, अशी उलटतपासणी मांडली. दोघांची गट्टी जमली, बॉयलर गारच. माझ्या लेकीला एकदा विचारलं, हसू आधी पोटात येतं की नाकात? लेकीला मराठी सगळं कळतं, पण उत्तर येतं ते थेट इथल्या हेलातल्या इंग्रजीत. मला म्हणाली, "आई, ही इज मॅड. बट ही इज ग्रँड." ग्रँड म्हणजे भव्यबिव्य नाही, इथे नुसतं 'बरं आहे' म्हणायला तो शब्द वापरतात.

आमची ओळख झाली ती मात्र हॉस्पिटलात, आणि पहिल्या दिवशी मला त्याचा भयंकर राग आला. डॉक्टरांनी पेशंटशी बोलावं कसं, हे शिकवायला त्याला आमच्याकडे बोलावलं होतं. म्हटलं, मिरजेला शिकून, इतकी वर्षं वॉर्डात घासून, आता हा विदूषक मला बोलायला शिकवणार? तो स्वतः पेशंटचं सोंग घेऊन बसला आणि मला सांगितलं, मला वाईट बातमी दे. मी दिली. अगदी शास्त्रशुद्ध, सगळ्या पर्यायांसकट. तो शांतपणे म्हणाला, "छान बोललीस. पण मी तर पहिल्या वाक्यालाच बुडालो, पुढचं कुणाला सांगत होतीस?" मग म्हणाला, आधी खाली बसा. एका वाक्यात सांगा. आणि गप्प राहा, समोरच्याचा चेहरा बघा. घरी येईपर्यंत मी त्याला मनातल्या मनात शिव्या घातल्या. दुसऱ्या दिवशी वॉर्डात तसंच केलं, आणि तेव्हापासून तसंच करते.

माझी आई सांगलीकडून सहा महिन्यांसाठी आली तेव्हा या माणसाला घबाडच मिळालं. आईला इंग्रजीचं अक्षर कळत नाही. त्यामुळेच तो तिच्यावर फिदा! त्याचं म्हणणं असं, की ज्याला शब्द कळतात तो माणूस शब्दांना हसतो, पण ज्याला काहीच कळत नाही तो हसला, तर समजावं की विनोदाची चाल बरोबर बसली. मग काय, आई मटार सोलायला बसली की हा समोर स्टूल टाकून आख्खा कार्यक्रम म्हणून दाखवायचा. आधी उठून गॅसवरचा धूर ओढणारा पंखा बंद करायचा, मग सुरुवात. आई त्याला 'मास्तर' म्हणायची. आमचे आप्पा, म्हणजे माझे वडील, हेडमास्तर होते, त्यामुळे तो शब्द तिच्या तोंडी फार मानाचा. हसू आलं की पदर तोंडाला लावायची आणि खांदे गदगद हलायचे, आवाज म्हणून नाही. तो त्या खांद्यांकडे टक लावून बघायचा, एखादं वाक्य मागेपुढे करून परत म्हणायचा. मी म्हटलं, आई, तुला काय कळतंय गं? तर म्हणाली, "काय बोलत्यात कुणास ठाऊक, पर मानूस खोटं बोलत न्हाई."

पंखा का बंद करतो, हे एवढी डॉक्टरकी करूनही माझ्या उशिराच लक्षात आलं. त्याच्या दोन्ही कानांत केसांआड ऐकायची मशीनं होती. त्यानेच मग सांगितलं. समोरासमोर, शांत खोलीत एक माणूस नीट ऐकू येतो. भरलेल्या हॉलमध्ये सगळ्याचा काला होतो. लोक हसले की नुसत्या खुर्च्या सरकल्या, हे त्याला कळत नाही. आणि हसवणाऱ्याचं सगळं पोट त्यावरच. हसू ओसरायच्या आत पुढचं बोललात तर ते मरतं, आणि हसूच नसताना थांबलात तर तुम्ही मरता. म्हणून स्टेज सोडून किती वर्षं झाली होती, आणि लोकांना सांगायचा की पुस्तकात गुंतलोय. मला फार वाईट वाटलं. आता इथल्याच एका हॉलवाल्यांनी त्याला एका संध्याकाळी बोलावलं होतं आणि त्याने हो म्हटलं होतं. "हे जमलं तर जमलं, डॉक. नाही तर मग मी खरोखरच पुस्तकं लिहितो." युक्ती एकच, की आईला पहिल्या रांगेत मधोमध बसवायचं आणि तिच्या खांद्यांवर सगळा कार्यक्रम पेलायचा: खांदे हलले की थांबायचं, थांबले की पुढचं बोलायचं. पण तिला यातलं काही सांगायचं नाही, अशी मला शपथ घातली. मुद्दाम हसलेलं त्याला लगेच ओळखू येतं म्हणे.

संध्याकाळ उन्हाची होती, हॉल गच्च भरला होता. आईने ठेवणीतलं इरकल काढलं, अंबाडा घातला, आणि पहिल्या रांगेत मधोमध बसली. मास्तर आले. पहिलाच किस्सा, आणि मागे अख्खा हॉल फुटला! मी आईकडे बघते तर बाई हात मांडीवर ठेवून, ताठ, बक्षीस समारंभाच्या अध्यक्षीणबाई होऊन बसलेल्या. दुसरा किस्सा, तेच. मास्तरांची नजर सारखी आईवर. त्यांना वाटलं, सगळं पडलं. घाई सुटली, कपाळाला घाम आला. लोक हसत असतानाच पुढचं वाक्य, त्यावर पुढचं. हसू मधेच तुटायला लागलं आणि लोक एकमेकांकडे बघायला लागले. मी कुजबुजले, "आई, हस ना गं!"

"गप बस," आई ओठ न हलवता म्हणाली. "पयली रांग हसली की स्टेजवरची पोरं गानं इसरत्यात. तुझ्या आप्पांच्या सगळ्या गॅदरिंगला मी अशीच बसले. मास्तरांचं चुकाय नको."

त्याच्याच काळजीपोटी बाईने हसू दाबून धरलं होतं! तेवढ्यात तो मधेच थांबला. माईक खाली केला, आणि स्टेजच्या कडेला येऊन बसला. म्हणाला, "मला तुम्ही ऐकू येत नाही." एवढंच. पुढे एक शब्द नाही. नुसता समोरच्या चेहऱ्यांकडे बघत राहिला.

मला वाटलं, संपलं. मागून कुणीतरी ओरडलं, "यू आर ग्रँड, बॉय!" पण ते त्याला कुठलं ऐकू जायला? मग ओरडणारा म्हातारा उठून उभा राहिला आणि डोक्यावरची टोपी काढून हवेत हलवायला लागला. शेजारच्या बाईने हात वर केले, मग तिच्या शेजारच्याने, मग पार शेवटच्या रांगेपर्यंत हातच हात. त्यानंतर तो उठला आणि जे काही बोलला म्हणता! हसू आलं की लोक हात हलवायचे, आणि हात खाली येईपर्यंत तो थांबायचा. मी आईच्या कानात सगळं सांगितलं. ती दचकलीच. "आगं बया, मग आधी सांगायचं न्हाईस व्हय!" म्हणाली, आणि दोन्ही हात वर केले ते कार्यक्रम संपेपर्यंत खालीच घेतले नाहीत. पहिल्या रांगेतलं हसू संपतच नाही, हा गोंधळ निस्तरायला मास्तरांना बराच वेळ लागला.

दुसऱ्या दिवशी तो आला. खूश होता, पण कुठेतरी अडकलेला. स्टुलावर बसला आणि म्हणाला, "डॉक, हात दिसले. आवाज कसा होता?" हसण्याचा आवाज कसा सांगायचा? मोठा होता म्हटलं, छान होता म्हटलं. तो मान हलवत राहिला, मला माझीच लाज वाटायला लागली. आईने विचारलं, "काय म्हनत्यात?" मी सांगितलं. ती उठली. कढईत तेल तापवलं, मूठभर मोहरी टाकली आणि त्याला हाताने जवळ बोलावलं. आधी एक दाणा उडाला. मग दोन. मग इकडून तिकडून, आणि मग सगळीच एकदम, कढईबाहेर, ओट्यावर, त्याच्या चष्म्यावर. "असं," आई म्हणाली. "अगदी असं झालं, मास्तर." मी भाषांतर केलं नाही. त्याचे डोळे भरून आले होते.

आई परत गेली. गुडघे असे झालेत की पुन्हा एवढा प्रवास झेपेल का, देव जाणे. तो मात्र अजून रविवारी सकाळी दार वाजवतो. "फोडणी राहिलीय का, डॉक?" राहिलेली नसली तरी मी तेल तापवते. चष्मा कपाळावर चढवून तो कढईवर वाकतो. मोहरी उडायची थांबते, मी गॅस बंद करते, तरी तो जरा वेळ तसाच उभा असतो.