सशाला लागत नाही म्हणे

मंडळी, ओठाला बर्फ लावून लिहितेय.

तुम्हाला माहीतच आहे, नाटकाच्या तालमी नसतात तेव्हा मी वाढदिवसांना कार्टूनमधल्या सशाचा पोशाख घालून नाचते. आज दुपारी जालना रोडवरच्या एका हॉलमध्ये सहा वर्षांच्या मुलीचा वाढदिवस होता.

आपल्या लहानपणी हा ससा टीव्हीवर भल्याभल्यांना चकवून पळायचा. आताच्या पोरांना तो फक्त व्हिडिओ गेममधला माहीत आहे. तिथं त्याला मारलं की पॉइंट मिळतात.

मी नाचायला लागले तशी पोरं तुटून पडली. आधी फुगे, मग बुक्क्या, मग कुणीतरी प्लास्टिकची बॅट आणली.

"अरे थांबा, लागतंय मला!" मी ओरडले.

"ससा बोलतो, ससा बोलतो!" पोरं आणखीच चेकाळली.

मुलीचे वडील मोबाइलवर शूटिंग करत होते. "लई भारी! तोंडावर मार, तोंडावर!"

बॅट तोंडावर बसली आणि मी पडले. मुखवटा काढला तर ओठातून रक्त येत होतं. मुलीची आई धावत आली. वाटलं, पाणी देईल.

"ताई, आधी ते डोकं घाला. लेकरं घाबरतात ना!"

मी घातलं. मग वाढदिवसाची पोरगी जवळ आली, सशाचे कान कुरवाळत लाडानं म्हणाली, "ऊठ ना. गेममध्ये तू परत उठतोस."

मी उठले. तिनं बॅट उचलली.

हॉलमध्ये मोठी माणसंही भरपूर होती. तुमच्यापैकी कुणी होतं का तिथं?