दाजींची माघारी अळंबी

आमच्या दाजींइतका शेवटाकडून सुरुवातीकडे जगणारा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या अक्काचे यजमान. दिग्गीच्या रानात त्यांची भातशेती होती. जेवायला बसले की आधी ताकभात, मग आमटीभात, आणि भाकरी अगदी शेवटी. लग्नाला जायचे ते मांडव सोडायच्या दिवशी. 'अक्षता टाकताना समदीच हसत्यात,' म्हणायचे, 'मांडव सोडताना कोन हसतंय ते बघाय पायजे.' गोष्ट सांगायला बसले तर 'आनि वाघ निघून गेला' इथून सुरू करायचे. ऐकणाऱ्यांनी हातापाया पडल्यावर केव्हातरी तो वाघ आला कुठून ते कळायचं. मी खानापूरचा दुकानदार, गिऱ्हाईक दारात दिसलं की तागडी उचलणारा. दाजींची गोष्ट ऐकताना मला घाम फुटायचा.

या स्वभावाचं खापर ते एका अळंबीवर फोडत. रानात म्हणे एक अळंबी असते, ती आधी सडते. वर येते तीच काळी, चिकट, घाण वासाची. मग रोज थोडी थोडी सुधारत जाते. छत्री धरते, पांढरी होते, मिटते, कळीएवढी होते आणि नाहीशी होते. दाजी तिला माघारी अळंबी म्हणत. 'खाल्ली तर काय होईल?' असं मी एकदा विचारलं, तर गंभीरपणे म्हणाले, 'कालचं जेवान जेवलोच न्हाई असं व्हईल. परवडत न्हाई, पावणं.' पुढे प्रत्येक भेटीत मी 'काय दाजी, अळंबी तरुण झाली का?' म्हणून चेष्टा करायचो, आणि तेही हसून 'व्हय, तुमच्यापरास तरी लौकर व्हईल' म्हणायचे.

एका वर्षी पावसाळा सरता सरता अक्का हिवतापाने आडवी झाल्याचा निरोप आला. मी पोचलो तेव्हा ती भिंतीकडे तोंड करून पडली होती. दाजींनी सुप्याहून आणलेल्या कोयनेलच्या गोळ्यांनी ताप उतरत होता, पण तिने जगण्यातून मनच काढून घेतलं होतं. पेजेची वाटी जवळ नेली की ओठ मिटायची. 'आता पुरं झालं रे,' एवढंच मला म्हणाली. आणि दाजी काय करत होते? तर रानातून एक कुजका ओंडका खांद्यावर घेऊन आले आणि तिच्या उशाशी ठेवला! त्यावर एक काळी बुळबुळीत गाठ होती. वासाने मी उठून दारात गेलो.

'दाजी, हे औषध?'

'औषध कुटलं? तिला बघाय आनलंय.' मग अक्काकडे वाकून म्हणाले, 'ए, ही माघारी हाय बग. म्या दिसभर शेतात असतो. तूच ध्यान ठेव. काय झालं ते सांजंला सांग मला.'

अक्काने पांघरूण डोक्यावरून ओढून घेतलं. पण सांजेला दाजी आले तेव्हा भिंतीकडे तोंड ठेवूनच पुटपुटली, 'वास कमी झालाय.'

दुसऱ्या दिवशी तिने कूस बदलली, नीट दिसावं म्हणून. हळूहळू त्या गाठीला कड आली, कडेची करडी छत्री झाली. मी दुकान विसरून तिथेच राहिलो. अक्काच्या काळजीने की अळंबीच्या नादाने, हे मला आजही सांगता येणार नाही. अक्का पेज पिऊ लागली. 'डोळं मिटाय लागलं तर ध्यान कसं ठेवू?' असं म्हणून वाटी स्वतःच मागायची. एकदा शेजारीण छत्रीला बोट लावायला गेली, तर अक्का तिच्यावर अशी खेकसली की दाजी गोठ्यातून धावत आले, आणि तो आवाज ऐकून दारातच हसत उभे राहिले.

छत्री पांढरीशुभ्र झाली, मिटली, तांदळाच्या दाण्याएवढी झाली. त्या दुपारी आम्ही तिघंही ओंडक्याभोवती बसलो होतो. अक्का भिंतीला टेकून, स्वतःच्या बळावर. बघता बघता तो दाणा लाकडात शिरला. मागे नुसती ओल राहिली.

'गेली,' अक्का म्हणाली, आणि लगेच दाजींकडे वळून, 'कुटं गेली वो?'

दाजी उठून बाहेर गेले. मी मागोमाग गेलो. गोठ्यामागे भिंतीला हात लावून ते उभे होते आणि त्यांचे खांदे हलत होते.

'दाजी, आता रडता कशाला? तुम्हांला तर सगळं ठाऊकच होतं.'

'कुटलं ठाव?' डोळे पुसत ते म्हणाले. 'आज्यानं सांगितलेलं. म्या जलमात कदी बगितली न्हवती. एक कुजकं दिसलं, ते उचलून आनलं. रोज सांजंला दारात पाय टाकताना वाटायचं, आज गळून पडलेली असनार.'

अक्का त्यानंतर पुष्कळ वर्षं जगली. दाजी तिच्याआधी गेले, आणि आता तीही नाही. भात खरेदीसाठी मी अजून त्या बाजूला जातो. वाटेत ओंडक्यावर काही काळं, कुजकं दिसलं की गाडी थांबवून खाली उतरतो. बहुतेक ते कुजकंच असतं. तरी मुक्काम एक दिवस वाढवून सकाळी पुन्हा बघून येतो.