ऋणनिर्देशातलं नाव

मराठी पुस्तक हातात आलं की सुलेखा खांबेटे आधी ऋणनिर्देशाचं पान काढत. लेखकाने कोणाकोणाचे आभार मानलेत, नकाशे काढणाऱ्याला विसरलाय का, हे तपासून झालं की मगच पहिलं प्रकरण. ज्याने ऋणनिर्देश लिहिलाच नाही त्या लेखकाबद्दल त्यांचं मत तिथेच वाईट होई आणि पुढच्या तीनशे पानांत ते सुधारत नसे.

त्याला कारण होतं. पुण्यात एम.ए.ला असताना दोन उन्हाळे पायपीट करून त्यांनी नीरेच्या खोऱ्याचे अकरा नकाशे काढले होते. विभागातल्या चंद्रशेखर सरांच्या पुस्तकात ते अकराच्या अकरा छापून आले. ऋणनिर्देशात सरांनी पत्नीचे, प्रकाशकाचे आणि विभागाला चहा आणून देणाऱ्याचेसुद्धा आभार मानले होते. सुलेखाबाईंचं नाव नव्हतं. ही गोष्ट त्यांनी सिंगापूरमध्ये निदान वीस मराठी घरांत सांगितली असेल, आणि दर वेळी चहावाल्यापाशी आल्या की त्यांचा आवाज चढायचा.

सिंगापूरला त्या आल्या नवऱ्याच्या नोकरीमुळे. प्रतापराव बँकेत. आधी एम्प्लॉयमेंट पास, मग कायम राहण्याचा पीआर, मग बुकित पंजांगला दहाव्या मजल्यावरचा फ्लॅट. कॉलेजात बारा वर्षं भूगोल शिकवलेल्या बाईंना इथे कुठल्या शाळेत कोणी उभं करीना. शेवटी वन-नॉर्थमधल्या एका कंपनीत काम मिळालं. दूरदूरच्या प्रदेशांचे अहवाल तयार करून ही कंपनी मालवाहतूकदारांना आणि विमावाल्यांना विकत असे: रस्ता कधी बंद पडतो, पूल किती भार घेतो, माणसं काय पिकवतात, सीमेवर कोणाची ये-जा असते. सुलेखाबाईंच्या वाट्याला पंज नदी आली. एका काठाला ताजिकिस्तान, दुसऱ्या काठाला अफगाणिस्तान, आणि दोन्ही काठांवरच्या मुलखाचं नाव एकच, बदख्शान.

तेरा वर्षं त्यांनी ती नदी सांभाळली आणि एकदाही पाहिली नाही. सकाळी एलआरटीची छोटी गाडी, मग एमआरटीची मोठी, आणि टेबलाशी बसलं की पामीरचे डोंगर. जूनमध्ये बर्फ वितळून पाणी कुठल्या दगडापर्यंत चढतं, डोंगर आणि नदी यांच्यामधल्या चिंचोळ्या जमिनीत बटाटा आणि गहू कसा काढतात, तुती वाळवून, कुटून तिच्या पिठावर हिवाळा कसा निभावतात, घरटी एक तरी पुरुष रशियात मजुरीला कसा असतो, चीनकडून येणारे ट्रक धूळ उडवत कसे जातात आणि गावासाठी कधी थांबत नाहीत, हे सगळं त्यांना तोंडपाठ होतं. खालच्या मार्केटमध्ये भेंडी कुठल्या रांगेत मिळते हे मात्र प्रतापरावांना विचारावं लागे. अहवालावर नाव कंपनीचं असायचं.

आणि हे ज्या बाईमुळे तोंडपाठ झालं होतं, तिला कंपनीच्या यादीत नाव नव्हतंच. ती होती ‘स्थानिक स्रोत, क्रमांक चार’.

तिला इथे गुलबेगिम म्हणू. हे तिचं खरं नाव नव्हे, आणि तिच्या गावाचं नाव या गोष्टीत येणार नाही. नाव छापून जे व्हायचं ते एकदा झालं, तेवढं पुरे.

ती अलीकडच्या, ताजिकिस्तानच्या काठावरच्या शाळेत भूगोल शिकवायची. सुलेखाबाईंनी एकदा कसाबसा त्या शाळेचा फोन नंबर मिळवला आणि नदीला पूर कधी येतो असं विचारलं. फोनवर मोडक्या इंग्रजीत उलटा प्रश्न आला: “तुम्ही पण भूगोलाच्या शिक्षिका का? प्रश्न तसा वाटला.” तिथून जे जमलं ते जमलंच. दर शनिवारी गुलबेगिमचा निरोप यायचा, कारण शनिवारी पुलाजवळ बाजार भरायचा. दोन्ही काठांवरच्या लोकांची बोली एक, सोयरीक एक, पण मधे नदी आणि नदीत सीमा. पलीकडच्या मावशीच्या चुलीचा धूर दारातून दिसतो, पण मावशीला भेटायचं तर शनिवारी. पलीकडून तांदूळ, चहा, कापड यायचं, अलीकडून बटाटे आणि वाळवलेले जर्दाळू जायचे. सैनिक बंदुका घेऊन उभे असायचे आणि बायका त्यांच्यासमोर मावस-मामे बहिणींच्या गळ्यात पडून रडायच्या. मधे दोन वर्षं बाजार बंदच झाला. तेव्हाही शनिवारी निरोप यायचा: “आज बाजार नाही. आज पण नाही.”

कंपनीने मानधन देऊ केलं तर गुलबेगिमने नाकारलं. बाजारात काय आलं हे सांगायचे पैसे कसले, म्हणाली. त्याऐवजी तिने दुसरंच मागितलं. तिच्या वर्गातल्या मुलांनी समुद्र पाहिला नव्हता. सुलेखाबाई रविवारी ईस्ट कोस्ट पार्कला जाऊन उभ्या राहिल्या आणि फोनवर त्यांनी समुद्र दाखवला. बंदराबाहेर थांबलेली जहाजं मुलांनी मोजली, सत्तेचाळीस निघाली. एका मुलीने विचारलं, “पलीकडचा काठ कुठे आहे?” पलीकडचा काठ दिसत नाही असं पाणी असतं, हे त्या वर्गाला पटवायला अर्धा तास लागला. घरी येताना बाई इतक्या खूश होत्या की रस्ता चुकल्या.

एवढ्या वर्षांत गुलबेगिमने एकच गोष्ट जपून सांगितली होती: “शाळेच्या पत्त्यावर काही पाठवू नका. पोस्टात उघडतात.” तिकडचं पोस्टखातं गलथान आहे, असा त्याचा अर्थ बाईंनी लावला. जिने तेरा वर्षं त्या सीमेचा अभ्यास केला तिने हा अर्थ लावला, याला काय म्हणावं!

मग गेल्या वर्षी एका प्रतिष्ठानाने कंपनीकडून त्या प्रदेशावर पूर्ण पुस्तकच मागवलं. भूगोल, माणसं, उद्योग, सगळं, आणि लेखकाच्या नावासकट. कंपनीचा विभागप्रमुख शैलेंद्र हा मुंबईचा. एरवी तो ‘सुलेखा’ म्हणायचा आणि काम काढायचं असलं की ‘ताई’.

“सुलेखाताई, धिस टाइम कव्हरवर तुमचं नाव,” तो म्हणाला.

छप्पन्नाव्या वर्षी बाईंचे डोळे भरून आले. लगेच दुसरा विचार आला तो गुलबेगिमचा. पुस्तकाच्या शेवटी स्रोतांची यादी होतीच, त्यात ‘क्रमांक चार’ होता. क्रमांक चार! तेरा वर्षं दर शनिवारी थंडीवाऱ्यात पुलावर जाणारी बाई, आणि तिला नंबर! स्रोतांची नावं छापायची नाहीत हा कंपनीचा नियम निव्वळ कंजूषपणातून आलाय, याची त्यांना खात्री होती. आपल्यावर झाला तो अन्याय आपल्या हातून व्हायचा नाही, असं त्यांनी ठरवलं आणि ऋणनिर्देश लिहायला घेतला. पुस्तकाला लागले नसतील इतके खर्डे त्या एका पानाला लागले. शेवटी वाक्य उतरलं ते असं: “या गावच्या शाळेतील भूगोलशिक्षिका गुलबेगिम यांनी गेली तेरा वर्षे दर शनिवारी सीमेवरील पुलाची, बाजाराची आणि वाहतुकीची अचूक माहिती मला अखंड पुरवली, त्यांच्यावाचून हे पुस्तक झाले नसते.” छापलं तेव्हा तिथे तिचं खरं नाव होतं, गावाचं नाव होतं. आडनावही होतं.

जेवताना त्यांनी ते वाचून दाखवलं. प्रतापराव छान म्हणाले. जाई, त्यांची मुलगी, युनिव्हर्सिटीत शिकणारी, घास हातात धरून थांबली.

“आई, डिड यू आस्क हर?”

“सरप्राइज आहे गं.”

“आय वुड आस्क फर्स्ट लाह,” जाई इथल्या बोलीत म्हणाली.

“तुमच्या पिढीला आभार मानायचीसुद्धा परमिशन लागते,” बाई म्हणाल्या आणि आमटी वाढायला उठल्या.

शैलेंद्रने पुस्तक तपासून सही केली. ऋणनिर्देश त्याने वाचला नाही, कारण ते पान कोणी वाचत नाही असं त्याला वाटे. तसं नाही. दोन प्रकारची माणसं ते पान वाचतात. एक सुलेखाबाईंसारखी, आणि दुसरी ती, ज्यांचं कामच नावं शोधायचं असतं.

पुस्तक आलं. बाईंनी सेरंगून रोडवरून पेढे आणले आणि मराठी मंडळात वाटले. पुस्तक प्रतिष्ठानाच्या वेबसाइटवरही चढलं. त्यांनी त्या पानाचा फोटो गुलबेगिमला पाठवला आणि खाली लिहिलं, “बघ, तुझं नाव!” निरोप पोचल्याच्या दोन खुणा दिसल्या. उत्तर आलं नाही. आनंदाने बोलती बंद झाली असेल, असं त्या प्रतापरावांना म्हणाल्या.

शनिवार आला, निरोप नाही. दुसरा शनिवार गेला, तिसरा गेला. तेव्हा कुठे बाई फोन सारखा उघडून पाहू लागल्या.

चौथ्या आठवड्यात, ऑफिसात दुपारच्या चहाला, अनोळखी नंबरवरून निरोप आला. गुलबेगिमची भाची होती, राजधानीत राहणारी. तिने सरळ लिहिलं होतं. शाळेत सुरक्षा खात्याची दोन माणसं आली. त्यांच्या हातात तुमच्या पुस्तकाचं एक पान होतं आणि एका वाक्याखाली रेघ मारलेली होती. तेरा वर्षं, दर शनिवार, सीमेवरचा पूल, परदेशी कंपनी. हे खरं आहे का, असं त्यांनी मावशीला विचारलं. मावशी खोटं बोलत नाही. आता ती शाळेत नाही. फोन काढून घेतलाय. दर सोमवारी तिला जिल्ह्याच्या गावी हजेरी द्यायला जावं लागतं, आणि बाजाराच्या दिवशी पुलाकडे फिरकायची बंदी आहे. पलीकडे तिची सख्खी मावशी आहे, नव्वदीची.

शेवटी एक प्रश्न होता. “मावशी म्हणते, तुम्ही आपणहून असं लिहिणारच नाही. तुमच्यावर कोणीतरी जबरदस्ती केली असणार. तिला तुमची काळजी वाटते. कोणी केली जबरदस्ती?”

बाईंनी ते वाक्य पुन्हा वाचलं, त्यांचं स्वतःचं, खर्ड्यांवर खर्डे करून सजवलेलं. एकेक शब्द कौतुकाचा होता आणि एकेक शब्द पुरावा होता. पुरवली, अचूक, अखंड. एखाद्या पोलिसाला इतकं नेमकं लिहिता आलं नसतं.

त्या तडक शैलेंद्रच्या केबिनमध्ये गेल्या. पान काढून टाका, म्हणाल्या. पत्र लिहा, ही बाई हेर नाही, शिक्षिका आहे, बटाट्याचे भाव सांगायची, असं कंपनीने लिहून द्या. शैलेंद्रने सगळं ऐकून घेतलं. तो वाईट माणूस नव्हता. कपाळाला घामसुद्धा आला त्याच्या.

“पान आज काढतो. पण पत्र इज नॉट पॉसिबल. कंपनीने पत्र दिलं की कंपनी इन्व्हॉल्व्ह झाली. आणि सुलेखा, रूल होता ना? नंबरच लिहायचा. व्हाय डू यू थिंक आपण नंबर लिहितो?”

 कंजूषपणा, असं बाई कसं सांगणार?

दोन दिवसांनी वेबसाइटवर सुधारित आवृत्ती आली. ऋणनिर्देश गेला होता. पहिल्या पानावर वकिलाकडून तपासून घेतलेली सूचना होती: या पुस्तकातील मजकूर, स्रोतांची निवड व उल्लेख ही सर्वस्वी लेखिकेची वैयक्तिक जबाबदारी असून कंपनीचा त्याच्याशी संबंध नाही. मुखपृष्ठावरून कंपनीचं नाव काढलं होतं. तिथे आता एकच नाव उरलं होतं, सुलेखा खांबेटे, चांगलं ठळक. छापलेल्या चारशे प्रती कुठे कुठे गेल्या होत्या याची यादीही कोणाकडे नव्हती.

भाचीला उत्तर द्यायचं राहिलं होतं. प्रतापराव म्हणाले, “कंपनीने लिहायला लावलं म्हण. त्या बाईला तेवढंच बरं वाटेल.” सुचवणं चुकीचं नव्हतं, आणि बाईंनी तसं लिहिलंही होतं. मग ते पुसलं. गुलबेगिमला बरं वाटेल हे खरं, पण त्याहून जास्त बरं आपल्याला वाटेल, हे त्यांना कळत होतं, आणि त्याची त्यांना किळस आली. जाई शेजारी येऊन बसली होती. तिने आधीचं काही उगाळलं नाही, त्याबद्दल बाईंनी मनातल्या मनात तिचे आभार मानले.

त्यांनी लिहिलं, “माझ्यावर कोणीही जबरदस्ती केली नाही. मीच लिहिलं. तिला न विचारता लिहिलं. मला वाटलं, तिला आनंद होईल. तिला हे असंच्या असं सांगा.”

 चौथ्या दिवशी, शनिवारीच, भाचीचा निरोप आला.

“तुमच्यावर जबरदस्ती झाली होती, असं मी मावशीला सांगितलंय. ती रडली आणि तुमच्यासाठी तिने प्रार्थना केली. तिच्याजवळ आता तेवढंच आहे, ते मी काढून घेणार नाही. यापुढे आम्हाला लिहू नका, आणि आमची नावं तुमच्या फोनमधूनसुद्धा काढून टाका.”

भाचीने सांगितलं तसं सुलेखाबाईंनी केलं. आधी भाचीचं नाव काढलं, मग गुलबेगिमचं. नाव काढताना फोनने विचारलं, नक्की काढायचं का, आणि त्यांनी हो म्हटलं.