तळाचं सहा लिटर

दवाखान्याची गाडी चालवणाऱ्या मामांना सत्तावीस वर्षांत कुणी गणित घातलं नव्हतं. आता नवा नियम निघाला: ड्रायव्हरांची लेखी परीक्षा. पाचातली तीन उदाहरणं बरोबर आली तर स्टिअरिंग, नाहीतर फाटकावरचं स्टूल. माणूस असा, की नुसत्या आवाजावरून गाडीचं दुखणं सांगेल. पण कागदावर अपूर्णांक दिसला की बोबडी वळायची.

लेक शाळेत शिकवायची. तिने बापाला स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवलं.

"वाचा, बाबा."

मामांनी बोट ठेवून वाचलं. टाकीत अठ्ठेचाळीस लिटर डिझेल. पहिल्या टप्प्यात एक तृतीयांश संपलं, उरलेल्यातलं निम्मं दुसऱ्या टप्प्यात. आता किती उरलं?

"दहा."

"सोळा. अठ्ठेचाळीसातून सोळा गेले, राहिले बत्तीस. त्याचं निम्मं."

"ते कळलं गं. मी काय अगदीच धोंडा आहे का?"

"मग दहा कुठून काढलेत?"

"तळातलं सहा लिटर नळी ओढत नाही. टाकीचा आठवा हिस्सा. असून नसल्यासारखा."

लेक हसली. "पुस्तकातल्या टाकीला तळ नसतो, बाबा."

दुसऱ्या उदाहरणात मामांनी पुन्हा सहा कापले. तिसऱ्यातही. मग मात्र ती वैतागली.

"चौथीतली पोरं परवडली. हे सहा लिटर तुमच्या डोक्यात घातलं तरी कुणी?"

मामा पेन्सिलीचं टोक नखाने खरवडत राहिले.

"तुझ्या आईला नेत होतो त्या दिवशी," ते म्हणाले. "इंधनाचा काटा बिघडलेला. टाकीत काठी घालून बघितली, पाव टाकी होती. म्हणजे बारा लिटर. गाडी लिटरला बारा किलोमीटर जायची. एकशे चव्वेचाळीस झाले. मोठा दवाखाना ऐंशीवर. म्हटलं, पंपावर कशाला वेळ घालवा. बहात्तर किलोमीटरवर गाडी बंद पडली. पुन्हा काठी घातली, तर काठी ओली."

लेक तेव्हा चार वर्षांची. आई वाटेत गेली, एवढंच तिला माहीत होतं. तिने उठून पेलाभर पाणी घेतलं, ते तसंच ओट्यावर ठेवलं आणि परत येऊन बसली.

"परीक्षेत सोळाच लिहा," ती वहीकडे बघत म्हणाली.

"लिहितो."

परीक्षेत वेळाची आणि अंतराची दोन उदाहरणं मामांनी चुटकीसरशी सोडवली. उरलेली तिन्ही डिझेलची. पहिल्याचं उत्तर अठरा आलं, ते त्यांनी लिहिलंही. बराच वेळ त्या आकड्याकडे बघत बसले. मग तो खोडून बारा केले. पुढच्या दोन्हींत खोडायची वेळच आणली नाही.

"मामा, दोनच बरोबर," दुसऱ्या दिवशी कारकून हळहळला. "तिन्हींत तेच सहा वजा. ती एक खोड सोडली असती, तर पैकीच्या पैकी होते."

मामांनी गाडीची किल्ली त्याच्या टेबलावर ठेवली.

घरी लेकीने उत्तरपत्रिका बघितली. खोडलेले अठरा तिला दिसले.

"येत होतं ना तुम्हाला?"

"येत होतं."

"मग?"

"तसं लिहिलं की त्या दिवशीचा माझा हिशेबही बरोबर ठरतो गं."

तिने कागदाची घडी घातली. थोड्या वेळाने विचारलं, उद्या फाटकावर किती वाजता जायचंय.