एकाच वाक्याचं काम

मी पंधराएक वर्षं सिनेमात कामं केली. नायक कधीच नव्हतो आणि त्याची मला काडीचीही खंत नाही. नायक म्हातारे झाले की घरी बसतात. मी पंचविशीतच म्हाताऱ्यांची कामं करायचो, त्यामुळे मला कुणी घरी बसवू शकलं नाही. दारवान, दमेकरी सासरा, कोर्टातला साक्षीदार. काम दोन मिनिटांचं असलं तरी मी ते चोख करायचो.

आमचं घर रेवदंड्याचं, कोळ्याचं. बाप मोठ्या होडीचा तांडेल, म्हणजे होडीवरचा मुख्य माणूस. स्वातंत्र्य मिळालं त्या वर्षी मी मुंबईला पळालो, तेव्हा तो गावात सांगत सुटला, "त्याला होरी नको झाली. तो माजा न्हाय." नंतर मी घरी गेलो की तो पाठ फिरवून जाळं विणत बसायचा. हे मला फार लागायचं. त्यानं मला एकदा तरी पडद्यावर पाहावं, एवढीच माझी इच्छा होती.

पुढे एकदा होडीवाल्याचं काम आलं. बोलायचं होतं एवढंच: "बसा साहेब." नायक चकचकीत बूट घालून आला आणि तसाच होडीत पाय टाकू लागला. आमच्यात होडी म्हणजे लक्ष्मी. तिला हात लावून, नमस्कार करून अनवाणी चढायचं. माझं डोकंच फिरलं. कॅमेरा चालू असताना मी ओरडलो, "आदी बूट काढ! लक्ष्मीच्या अंगावर बूट घालून चढतोस?" नायकानं घाबरून खरोखरच बूट काढले. आता हे काम गेलं, असं मी धरूनच चाललो. पण दिग्दर्शक म्हणाला, "हेच ठेवा."

तो सिनेमा अलिबागला लागला. त्यात होडी आहे, असं सांगून बहिणीनं बापाला दुपारच्या खेळाला आणलं. मी मागच्या रांगेत जीव मुठीत धरून बसलो. माझं ओरडणं ऐकून थिएटर टाळ्यांनी दणाणलं. बापानं मात्र टाळी वाजवली नाही.

खेळ संपला, माणसं पांगली, तरी तो जागेवरच. पुढे जाऊन पाहिलं तर अनवाणी. बहिणीनं सांगितलं, पडद्यावर माझं ओरडणं ऐकताच त्यानं आपल्या वहाणा काढल्या होत्या आणि त्यातली एक लोकांच्या पायांनी कुठेतरी सरकली होती. मी खुर्च्यांखाली वाकून ती शोधून आणली.

इतक्या वर्षांनी तो माझ्याशी बोलला, "होरीची लाज राखलीस रं पोरा."

मी खाली बसून त्याच्या पायात वहाण घातली. माझं सगळ्यात मोठं काम कोणतं, असं कुणी विचारलं तर मी होडीवाल्याचंच सांगतो.